श्वेतदेवीचे पंचांग आणि खय्यामचे हस्तलिखित

इंग्रजी कवी रॉबर्ट ग्रेव्ह्‌ज (१८९५-१९८५) यांचा 'द व्हाइट गॉडेस' हा ग्रंथ लंडनच्या फेबर अँड फेबर या प्रकाशनसंस्थेने १९४८ साली प्रसिद्ध केला. तो स्वीकारण्याचा निर्णय टी. एस. एलियट यांचा होता. १९६१ मध्ये त्याची सुधारून वाढवलेली आवृत्ती निघाली आणि तेव्हापासून या ग्रंथाला वाचक कधी कमी पडला नाही. उपशीर्षकात ग्रेव्ह्‌ज यांनी त्याला काव्यमिथकाचे 'ऐतिहासिक व्याकरण' म्हटले आहे. यांपैकी 'व्याकरण' हा शब्द कवीला शोभणारा आहे. वाद आहे तो 'ऐतिहासिक' या शब्दाविषयी. हा वाद एरवी इंग्रजी वाङ्मयाच्या अभ्यासकांवर सोपवून मोकळे होता आले असते. परंतु याच कवीने सुमारे वीस वर्षांनी उमर खय्यामला हात घातला, आणि देवीच्या बाबतीत जी पद्धत त्याने स्वतः वापरली होती तीच पद्धत खय्यामच्या बाबतीत दुसऱ्यांनी त्याच्यावर वापरली. त्यामुळे फारसी-उर्दूच्या अभ्यासकाला या श्वेतदेवीकडे पाठ फिरवता येत नाही.

ग्रंथाचा मूळ सिद्धान्त थोडक्यात असा. भूमध्य समुद्राभोवती आणि उत्तर युरोपात फार प्राचीन काळी एकाच महादेवीची उपासना होती. ती चंद्राची देवी. वाढत्या कोरीसारखी कुमारी, पौर्णिमेसारखी प्रीतीची वधू, आणि अमावास्येसारखी, प्रेताला न्हाऊ घालून अखेरचे आवरणारी वृद्धा, अशी तिची तीन रूपे. तिच्या प्रेमासाठी चढत्या वर्षाचा देव आणि उतरत्या वर्षाचा देव एकमेकांशी झुंजतात. एक मरतो, दुसरा जन्मतो, आणि वर्ष पुन्हा सुरू होते. पुढे पितृपूजक टोळ्या आल्या, देवीचे सिंहासन गेले, तिच्या कथा उलट्यापालट्या करून पुरुषदेवांच्या नावे लावल्या गेल्या. जुनी स्मृती टिकली ती फक्त कवींच्या गुप्त परंपरेत. म्हणून ग्रेव्ह्‌ज यांच्या मते खरी कविता एकच विषय सांगते : देवी, तिचा प्रियकर, त्याचा मृत्यू आणि त्याचे पुनरागमन. बाकीचे सारे पद्य म्हणजे कारागिरी. काळ, स्मृती आणि नवजीवन या तिन्हींची मालकी एकाच देवीकडे देणारी इतकी बंदिस्त रचना विसाव्या शतकात दुसऱ्या कोणत्याही कवीने केलेली नाही.

ही रचना कोणत्या काळात उभी राहिली हे पाहण्यासारखे आहे. १९१६ च्या जुलैत सोमच्या लढाईत ग्रेव्ह्‌ज इतके जखमी झाले की त्यांच्या मृत्यूची वार्ता घरी पोचली आणि वर्तमानपत्रात छापूनही आली. ते जिवंत परतले. १९४३ साली त्यांचा थोरला मुलगा डेव्हिड ब्रह्मदेशातील आराकानच्या आघाडीवर बेपत्ता झाला. मृत ठरवला गेलेला माणूस परत येऊ शकतो हे ज्याने स्वतःच्या देहावर अनुभवले, त्या बापाने मुलाची आशा लवकर सोडली नाही. डेव्हिड परतला नाही. पुढच्याच वर्षी, १९४४ मध्ये, इंग्लंडच्या डेव्हन परगण्यातील एका खेड्यात ग्रीक वीरांच्या सागरप्रवासावर कादंबरी लिहिता लिहिता ग्रेव्ह्‌ज यांच्या मनाने एकाएकी दुसरी वाट धरली आणि काही आठवड्यांत या ग्रंथाचा पहिला खर्डा तयार झाला. मुलाच्या मृत्यूतून देवी जन्मली असे सोपे समीकरण मांडणे योग्य नव्हे. परंतु मरून परतणाऱ्या पुत्राची कथा ज्या घरात लिहिली गेली त्या घरातील परिस्थिती बाजूला ठेवून ग्रंथ वाचणेही योग्य नव्हे.

आता पुराव्याकडे वळावे. ग्रंथाचा पाया दोन गोष्टींवर आहे : वेल्श भाषेतील 'वृक्षांचे युद्ध' ही कविता आणि आयर्लंडची ओघम लिपी. वेल्श कविता 'तालिएसिनचे पुस्तक' या चौदाव्या शतकातील हस्तलिखितात आढळते. ग्रेव्ह्‌ज यांना वेल्श येत नव्हती. त्यांची भिस्त डी. डब्ल्यू. नॅश यांच्या १८५८ सालच्या इंग्रजी भाषांतरावर होती. (गंमत अशी की नॅश हे स्वतः, वेल्श कवितेत प्राचीन गूढविद्या शोधणाऱ्यांची टर उडवणारे गृहस्थ होते.) कविता विस्कळीत आहे हे खरे. ग्रेव्ह्‌ज यांनी असे ठरवले की तिच्या ओळी कोणीतरी मुद्दाम विस्कटून ठेवल्या आहेत, आणि मग भाषांतरातील ओळी पुढेमागे करून त्यांनी आपल्या मते मूळ असलेली कविता पुन्हा जुळवली. मूळ भाषा न येणारा संपादक भाषांतराच्या ओळींची फेरमांडणी करतो आणि त्यातून निघालेल्या अर्थाला प्राचीन म्हणतो, ही गोष्ट पुढे खय्यामच्या संदर्भात आठवावी लागेल.

ओघमची गोष्ट याहून विलक्षण आहे. ही दगडाच्या कडेवर रेघा मारून लिहायची वीस अक्षरांची लिपी. तिचे जुने शिलालेख साधारण चौथ्या ते सहाव्या शतकातील असून त्यांत बहुधा माणसांची नावेच आहेत. काही अक्षरांची नावे झाडांची आहेत. मध्ययुगीन आयरिश पंडितांनी पुढे सर्वच अक्षरांना झाडे जोडली. ग्रेव्ह्‌ज यांनी रॉडरिक ओफ्लाहर्टी यांच्या १६८५ सालच्या लॅटिन ग्रंथातून तेरा व्यंजने व पाच स्वर अशी मालिका घेतली आणि तेरा व्यंजनांचे तेरा महिने केले. भूर्जवृक्षाचा महिना २४ डिसेंबरला सुरू होतो. प्रत्येक महिना अठ्ठावीस दिवसांचा. तेरा गुणिले अठ्ठावीस म्हणजे तीनशे चौसष्ट, आणि उरलेला एक दिवस वर्षाच्या सांध्यावर. खुद्द ग्रेव्ह्‌ज यांचे आजोबा चार्ल्स ग्रेव्ह्‌ज, लिमरिकचे बिशप, हे ओघमचे नाणावलेले अभ्यासक होते. नातवाने बांधलेल्या इमारतीला आजोबांच्या संशोधनाची एक वीटही लागलेली नाही.

ज्या समाजात महिना आकाशात कोर पाहून सुरू होतो त्या समाजातील शाळकरी मुलालाही या पंचांगातील अडचण चटकन कळेल. चंद्राचा महिना एकोणतीस किंवा तीस दिवसांचा असतो. अठ्ठावीस दिवसांचा चंद्रमास आकाशात दिसत नाही. शाबानच्या एकोणतीस तारखेच्या संध्याकाळी गच्चीवर चढणाऱ्या माणसाला हे कुणी समजावून द्यावे लागत नाही. ग्रेव्ह्‌ज यांनी अठ्ठावीस हा आकडा स्त्रीच्या ऋतुचक्राच्या आधाराने धरला आणि तो चंद्रदेवीचा आकडा म्हणून सूर्यवर्षात बसवला. केल्टिक लोकांचे खरे पंचांग कसे होते याचा पुरावा ग्रंथ लिहिला जाण्यापूर्वी पन्नास वर्षे उपलब्ध होता. १८९७ साली फ्रान्समध्ये कोलिन्यी येथे काशाच्या एका मोठ्या पत्र्याचे तुकडे सापडले. त्यावर गॉलिश भाषेतील पाच वर्षांचे पंचांग कोरलेले आहे : बासष्ट महिने, त्यांतील दोन अधिक मास, आणि प्रत्येक महिना एकोणतीस किंवा तीस दिवसांचा. म्हणजे इतिहासातील केल्टिक पंचांगाचे नाते अधिक महिना धरणाऱ्या हिंदू पंचांगाशी आणि चंद्र पाहणाऱ्या हिजरी पंचांगाशी अधिक जवळचे ठरते. ग्रेव्ह्‌ज यांच्या वृक्षपंचांगाशी त्याचे काही नाते नाही. तरीही आज पाश्चात्त्य देशांत 'प्राचीन केल्टिक वृक्षराशी' म्हणून जे भविष्य छापले आणि विकले जाते ते ग्रेव्ह्‌ज यांच्या पंचांगाचेच वंशज आहे. त्रिरूप देवीचेही तसेच. जेन हॅरिसन यांनी १९०३ साली ग्रीक धर्माच्या अभ्यासात देवींच्या जोड्या व त्रयी यांची चर्चा केली होती, फ्रेझर यांनी मरून उठणाऱ्या देवाचा विषय त्याआधीच लोकप्रिय केला होता. परंतु कुमारी, माता-वधू आणि वृद्धा या रूपात ती देवी घराघरांत नेली ग्रेव्ह्‌ज यांनी. इतिहासकार रोनाल्ड हटन यांच्या १९९९ सालच्या ग्रंथाने आधुनिक इंग्रजी जादूपंथाच्या जडणघडणीत या कविकल्पनेचा वाटा किती आहे ते तपशीलवार दाखवले. आज जे लोक या देवीची मनोभावे उपासना करतात त्यांच्या श्रद्धेविषयी येथे काही म्हणायचे नाही. प्रश्न तिच्या वयाचा आहे.

ग्रेव्ह्‌ज यांना पुराव्याची उणीव जाणवत नव्हती असे नव्हे. त्यांनी तिच्यावर एक उपाय योजला होता. काळाचे भान क्षणभर स्थगित करून, विसरलेल्या घटना अंतःस्फूर्तीने परत मिळवण्याची शक्ती कवीजवळ असते असे त्यांचे मत होते. ऐतिहासिक कादंबरी लिहिताना लेखक या शक्तीचा उपयोग करतो यात शंका नाही. ग्रेव्ह्‌ज यांची सम्राट क्लॉडियसवरील कादंबरी तिच्याच बळावर उभी आहे. पण कादंबरीत लेखकाला 'असे घडले असावे' एवढेच सिद्ध करायचे असते. येथे तीच स्फूर्ती साक्षीदार, वकील आणि न्यायाधीश अशा तिन्ही जागांवर बसली आहे. १९६१ च्या आवृत्तीला जोडलेल्या लेखात ते आपल्या टेबलावरच्या एका पितळी डबीची हकिकत सांगतात. ग्रंथ लिहिताना ती डबी समोर होती. तिच्या झाकणावर बासरी वाजवणारा कुबडा होता, आणि तो पश्चिम आफ्रिकेतील अकान लोकांच्या चंद्रदेवीशी संबंधित असल्याचे त्यांना नंतर कळले. हा त्यांना योगायोगाहून काही अधिक वाटला. पुस्तक नाकारणाऱ्या प्रकाशकांचे वाईट झाले आणि स्वीकारणाऱ्या एलियट यांचे भले झाले, हा किस्साही ते रंगवून सांगत. (एलियट यांना त्याच वर्षी नोबेल पारितोषिक मिळाले ही गोष्ट किश्श्याच्या पथ्यावर पडली.) अशा हकिकती पिरांच्या उरुसात ऐकू येतात तेव्हा त्यांना करामत म्हणतात. ऐकणारा त्या आदराने ऐकतो, पण सनद म्हणून कागदावर उतरवत नाही. विशेष म्हणजे, इतिहास जसा घडला तसाच सांगावा, असा आग्रह धरणारे जर्मन इतिहासकार लिओपोल्ड फोन रांके हे ग्रेव्ह्‌ज यांच्या आईच्या आजोबांचे भाऊ. आजोबा ओघमचे पंडित, आजोळ रांके यांचे, आणि तरीही ग्रंथ असा!

स्त्रीविषयीची या ग्रंथाची भूमिका वरवर गौरवाची, प्रत्यक्षात अडचणीची आहे. देवी ही कवीची प्रेरणा, ती एखाद्या जिवंत स्त्रीत काही काळ वास करते आणि मग निघून जाते. कवी पुरुष असतो. स्त्रीने प्रेरणा व्हावे, आणि कविता लिहायचीच झाली तर पुरुषासारखी न लिहिता देवीच्या आवाजात लिहावी. १९२६ पासून तेरा वर्षे ग्रेव्ह्‌ज ज्यांच्या सहवासात होते त्या लॉरा रायडिंग स्वतः समर्थ कवयित्री होत्या, आणि आपले विचार उचलून त्यांची देवी केली गेली अशी त्यांची पुढे तक्रार होती. महदंबा, मुक्ताबाई, जनाबाई आणि बहिणाबाई यांच्या भाषेत वाढलेल्या वाचकाला स्त्रीचे देवत्व मान्य करून तिचे कवित्व नाकारणारा हा सिद्धान्त अपुरा वाटल्याशिवाय राहणार नाही.

गझलेच्या वाचकाला मात्र या देवीची ओळख लगेच पटते. ती लहरी आहे, निष्ठुर आहे, वचन पाळत नाही, प्रियकराचा जीव घेते आणि तरी त्याला दुसरीकडे जाववत नाही. उर्दू गझलेतील माशूकाची हीच लक्षणे होत. फरक एकच. मीर किंवा गालिब यांनी त्या माशूकाचे पंचांग काढले नाही, तिचे राज्य अमुक शतकापर्यंत अमुक देशात होते असा दावा केला नाही. गझलेतील महबूब हा संकेत आहे हे कवीलाही ठाऊक असते आणि मुशायऱ्यात दाद देणाऱ्यालाही. ग्रेव्ह्‌ज यांना संकेत पुरेसा वाटला नाही. त्यांना वंशावळ हवी होती.

याचा अर्थ हा ग्रंथ टाकाऊ आहे असा कोणी घेऊ नये. ग्रेव्ह्‌ज यांच्या ज्या कविता या देवीच्या छायेत लिहिल्या गेल्या, विशेषतः नवजात मुलाला उद्देशून मकरसंक्रमणाच्या दिवसांवर लिहिलेली १९४५ ची कविता, त्या विसाव्या शतकातील इंग्रजी काव्यात मानाने उभ्या आहेत. त्या कवितेला कोलिन्यीच्या पत्र्याने काही बाध येत नाही. वर्षाचे चक्र, जन्म, प्रेम आणि मृत्यू हे तिच्यात अनुभवातून येतात, वाचकाला ओघमची अक्षरे पाठ असावी लागत नाहीत. टेड ह्यूज आणि सिल्व्हिया प्लाथ यांच्या पिढीला या ग्रंथाने एक भाषा दिली. उर्दूच्या अभ्यासकाला अशा ग्रंथाचे स्थान कुठे ठेवावे याचा अनुभव आहे. मुहम्मद हुसैन आझाद यांचे 'आब-ए-हयात' १८८० मध्ये आले. उर्दू कवींचा तो इतिहास म्हणून वाचला गेला. नंतरच्या संशोधकांनी त्यातील कितीतरी हकिकती खोडून काढल्या, आणि तरी त्याचे गद्य आजही वाचले जाते. हाफिज महमूद शीरानी यांनी तर 'खालिकबारी'वरील अमीर खुसरोंचे नावच काढून ते जहांगीरच्या काळातील दुसऱ्या एका खुसरोच्या नावे केले. खुसरोंची प्रतिष्ठा त्याने तसूभरही कमी झाली नाही. उर्दू तहकीकने ग्रंथाची गोडी आणि ग्रंथाची सनद या दोन गोष्टी वेगळ्या ठेवायला शिकवले.

देवीच्या शोधाचीच गोष्ट घ्यायची तर मराठी मुलखात तो वेगळ्या रीतीने झालेला आहे. मूळचे गोव्याचे दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९६२ च्या 'मिथ अँड रिअ‍ॅलिटी' या ग्रंथात पुण्याच्या आसपासच्या मातृदेवतांची ठाणी तपासली. शेंदूर फासलेला तांदळा कुठे आहे, तो कोणत्या वाटेवर आहे, जवळ अश्मयुगीन गारगोटीची हत्यारे सापडतात का, पूजा कोणत्या जातीचे लोक करतात, हे त्यांनी पायी हिंडून पाहिले. रा. चिं. ढेरे यांनी 'लज्जागौरी' (१९७८) लिहिताना मूर्ती, लोककथा, स्थलनामे आणि विधी एकमेकांसमोर ठेवले. हेच ढेरे 'मुसलमान मराठी संतकवी'चे लेखक, हे या वाचकवर्गाला सांगायला नको. या दोघांचेही काही निष्कर्ष धाडसी आहेत, काही पुढे टिकणार नाहीत. पण ते तपासता येतात. दुसरा माणूस त्याच वाटेने चालत जाऊन तांदळा तेथे आहे की नाही ते पाहू शकतो. ग्रेव्ह्‌ज यांची वाट त्यांच्या मनात होती आणि तेथे दुसऱ्याला जाता येत नव्हते.

याचे जे फळ मिळाले ते १९६७ साली. ग्रेव्ह्‌ज यांची त्याआधी काही वर्षे इद्रीस शाह यांच्याशी मैत्री जमली होती. शाह यांचा जन्म १९२४ साली सिमल्यात झाला. घराणे अफगाण, मीरतजवळच्या सरधन्यात स्थायिक झालेले. शाह यांच्या १९६४ सालच्या 'द सूफीज' या पुस्तकाला ग्रेव्ह्‌ज यांनी प्रस्तावना लिहिली. पुढे इद्रीस यांचे थोरले बंधू उमर अली शाह यांनी सांगितले की खय्यामच्या रुबायांचे बाराव्या शतकातील एक हस्तलिखित आपल्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या जपलेले आहे. ग्रेव्ह्‌ज यांना फारसी येत नव्हती. उमर अली शाह यांनी दिलेल्या शब्दशः भाषांतरावरून त्यांनी एकशे अकरा कडव्यांचा इंग्रजी अनुवाद केला आणि त्याला 'अस्सल' रुबायात असे नाव दिले. प्रस्तावनेत फिट्झजेराल्ड यांच्यावर कडक टीका होती : फिट्झजेराल्डने एका सूफी साधकाला मद्यपी नास्तिक बनवले, रुबाया मोडल्या, जोडल्या, हव्या तशा लावल्या.

फिट्झजेराल्डविषयीचा हा आरोप बराचसा खराच होता, आणि तोच ग्रेव्ह्‌ज यांच्या अंगावर उलटला. फारसी हस्तलिखितांत रुबाया बहुधा यमकाच्या अंत्याक्षराप्रमाणे, अलिफपासून क्रमाने लावलेल्या असतात. रुबाई ही स्वयंपूर्ण असते, एकीचा दुसरीशी संबंध नसतो. फिट्झजेराल्ड यांनी १८५९ मध्ये पहाटेपासून रात्रीपर्यंतचा एक दिवस कल्पून त्यांची सलग कविता रचली, कधी दोन रुबायांचे एक कडवे केले. १८९९ मध्ये एडवर्ड हेरॉन-ॲलन यांनी परिश्रम घेऊन फिट्झजेराल्डच्या प्रत्येक कडव्यामागे कोणती फारसी रुबाई किंवा रुबाया आहेत ते शोधले आणि तो मजकूर फिट्झजेराल्डच्या क्रमाने छापला. एडिंबरो विद्यापीठातील फारसीचे अभ्यासक एल्वेल-सटन यांनी दाखवून दिले की शाह घराण्याच्या कथित हस्तलिखितातील मजकूर आणि क्रम हेरॉन-ॲलन यांच्या पुस्तकाशी जुळतो. बाराव्या शतकातील कातिबाने व्हिक्टोरियाकालीन इंग्रजाच्या कल्पनेप्रमाणे रुबाया लावून ठेवाव्यात हे घडणे नाही. हस्तलिखित दाखवा अशी मागणी झाली. ते दाखवले गेले नाही. आजतागायत ते कोणाही अभ्यासकाच्या हाती आलेले नाही.

येथे एक न्याय्य शंका निघू शकते. पंडितही फसतात, मग कवीलाच दोष का? केंब्रिजचे ए. जे. आर्बेरी हे फारसीचे थोर जाणकार. त्यांनी १९४९ आणि १९५२ मध्ये तेराव्या शतकातील म्हणून खय्यामच्या दोन हस्तलिखितांवर काम प्रसिद्ध केले, आणि ती दोन्ही आधुनिक बनावटी ठरली. पण ती ग्रंथालयात होती. कागद, शाई, अक्षर, पाठ हे सारे इतरांना तपासता आले, म्हणूनच चूक दुरुस्त झाली. ग्रेव्ह्‌ज यांच्याजवळ मित्राच्या शब्दाशिवाय काही नव्हते, आणि त्यांना तो शब्द पुरला. ज्याने स्वतः वीस वर्षे वाचकांना 'माझ्या अंतःस्मृतीवर विश्वास ठेवा' म्हटले होते, त्याला दुसऱ्याच्या घराण्याच्या स्मृतीकडे कागद मागणे सुचले नसावे. वेल्श कवितेच्या ओळी भाषांतरावरून लावणारा कवी आता दुसऱ्याने लावलेल्या ओळींना मूळ समजत होता. यात लबाडी नव्हती. ते मनापासून फसले, आणि हट्टाने फसलेलेच राहिले.

खय्याम सूफी होता या दाव्याबद्दलही असेच म्हणावे लागते. नज्मुद्दीन राझी उर्फ दाया हे स्वतः सूफी. तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात लिहिलेल्या 'मिर्सादुल इबाद'मध्ये त्यांनी खय्यामला वाट चुकलेला फलसफी ठरवून त्याच्या दोन रुबाया दोषाचा दाखला म्हणून दिल्या आहेत. खय्यामच्या नावावरील रुबायांचे हे अतिशय जुने साक्षीदार, आणि साक्ष सूफीमताच्या बाजूने नाही. भारतात या विषयाची तयारी कमी नव्हती. सय्यद सुलेमान नदवी यांचा 'खय्याम' हा उर्दू ग्रंथ आझमगढच्या दारुल मुसन्निफीनने १९३३ मध्ये काढला. त्यात खय्यामचे चरित्र आणि ग्रंथ यांची साधने एकेक करून पारखली आहेत. हैदराबादचे स्वामी गोविंदतीर्थ, पूर्वाश्रमीचे दातार, यांनी १९४१ च्या 'द नेक्टर ऑफ ग्रेस' या इंग्रजी ग्रंथात बैहकीने नोंदवलेल्या कुंडलीवरून गणित करून खय्यामची जन्मतारीख १८ मे १०४८ अशी काढली. पुढे इतर देशांतील अभ्यासकांनी ती मान्य केली. आणि वडोदऱ्यात जन्मलेले, फारसीचे प्राध्यापक, फार्शी-मराठी कोशाचे कर्ते माधव जूलियन! त्यांनी १९२९ मध्ये मूळ फारसीवरून खय्यामच्या रुबाया मराठीत आणल्या, आणि १९३१ मध्ये फिट्झजेराल्डच्या इंग्रजी काव्याचा अनुवाद 'द्राक्षकन्या' या वेगळ्या नावाने, वेगळे पुस्तक म्हणून दिला. खय्याम एका मुखपृष्ठाखाली, फिट्झजेराल्ड दुसऱ्या. माजोर्का बेटावर बसून 'अस्सल' खय्याम लिहिणाऱ्याला हा साधा विवेक छत्तीस वर्षांनंतरही जमला नाही.

या प्रकरणात आणखी एक गोष्ट ग्रेव्ह्‌ज यांच्या ध्यानात आली असती तर त्यांनी खय्यामकडे वेगळ्या नजरेने पाहिले असते. खय्याम स्वतः पंचांगकर्ता होता. मलिकशाह सल्जूकीच्या आश्रयाने इस्फहानच्या वेधशाळेत तो इतर ज्योतिर्विदांसह काम करत होता, आणि १०७९ मध्ये सुरू झालेल्या जलाली पंचांगाच्या रचनेत त्याचा वाटा होता. त्या पंचांगात नवरोज वसंतसंपाताला बांधला गेला. म्हणजे वर्षाचे नवे होणे कोणत्या क्षणी घडते हे आकाशातील सूर्याच्या वेधांवरून ठरवले गेले. वर्ष मरते आणि पुन्हा जन्मते ही गोष्ट खय्यामलाही माहीत होती. त्याने तिचे दिवस मोजले आणि रुबाईत तिचा शोक वेगळा केला. ग्रेव्ह्‌ज यांनी शोक आणि गणित एकाच वहीत लिहिले.

१९८५ च्या डिसेंबरात ग्रेव्ह्‌ज माजोर्कातील देया या गावी वारले. तेथील चर्चच्या आवारात टेकडीवर त्यांची कबर आहे. सिमेंट ओले असताना हाताने अक्षरे कोरलेली साधी फरशी : नाव, जन्माची व मृत्यूची तारीख, आणि नावाखाली स्पॅनिशमध्ये 'कवी' एवढाच शब्द.